मुरणे आणि माखणे

‘मुरणे’ हे मराठीतील एक मोठे बोलके क्रियापद आहे. लोणचे मुरते, पावसाचे पाणी जमिनीत मुरते, आणि वर्षानुवर्षे एकाच क्षेत्रात वावरलेल्या माणसालाही आपण ‘मुरलेला’ म्हणतो. त्या म्हणण्यात कधी आदर असतो, तर कधी सावधगिरीची सूचना. ‘कुठेतरी पाणी मुरते आहे’ असे म्हणताना तर मनात निव्वळ संशयच असतो. जे आत गेले ते दिसत नाही, आणि जे दिसत नाही ते भले की बुरे हे वरून सांगता येत नाही, हा अनुभव भाषेने या एका शब्दात साठवून ठेवला आहे. याच्या शेजारी ‘माखणे’ हा शब्द ठेवून पाहावा. माखलेले चटकन दिसते, चकाकते आणि धुतले की जाते.

माणसावर होणाऱ्या संस्कारांपैकी मुरलेले कोणते आणि माखलेले कोणते, हा प्रश्न गेल्या हिवाळ्यात आमच्या परसात माझ्यापुढे उभा राहिला, आणि तोही डुकराच्या मांसाच्या निमित्ताने. विषय काही वाचकांस अप्रिय वाटेल. पण तो अप्रिय का वाटतो, हेच मला या लेखात तपासावयाचे आहे.

माझी कन्या नोकरीनिमित्त चार वर्षे हाँगकाँगला होती. तेथून ती ‘चार सिउ’ नावाचा पदार्थ शिकून आली. हा दक्षिण चीनमधील ग्वांगदोंग प्रांताचा पदार्थ. ‘चार’ म्हणजे काटा आणि ‘सिउ’ म्हणजे भाजणे. मांसाच्या लांब पट्ट्या काट्याला लावून विस्तवावर भाजण्याच्या जुन्या रीतीवरून हे नाव पडले. आता त्या भट्टीत आकड्यांना टांगून भाजतात, आणि हाँगकाँगच्या दुकानांत काचेआड त्या तांबड्या, चकचकीत पट्ट्या ओळीने लटकलेल्या असतात. पदार्थाचा सारा जीव त्याच्या मसाल्यात आणि त्या मसाल्यात मुरण्यासाठी दिलेल्या वेळात आहे. चीनमध्ये मांस आणि त्याची चटणी यांचे नाते फार जुने आहे. योग्य ती चटणी सोबत नसेल तर कन्फ्यूशियस मांसाला हात लावीत नसे, अशी नोंद त्याच्या संवादांच्या ग्रंथात आहे.

कन्येने केलेली तयारी मी खुर्ची टाकून पाहत होतो. खांद्याकडील, थोडी चरबी असलेले एक किलो मांस घेऊन तिने त्याच्या दीड इंच जाडीच्या पट्ट्या केल्या. त्यास चार मोठे चमचे सोया सॉस, तीन चमचे साखर, दोन चमचे होयझिन सॉस, दोन चमचे तांदळाची मदिरा, ठेचलेली लसूण आणि अर्धा छोटा चमचा पंचमसाला. होयझिन हाही सोयाबीनचाच, पण दाट व गोडसर. पंचमसाल्यात चक्रीफूल, दालचिनी, लवंग, बडीशेप आणि सिचुआन मिरी असते. ही मिरी मी हुंगली आणि चकित झालो, कारण तो वास आमच्या ओळखीचा निघाला. बांगड्याच्या हुमणात आपण जे तिरफळ घालतो, त्याच्याच कुळातील ही मिरी आहे. तांबडा रंग येतो तो सोयाबीनच्या आंबवलेल्या पनीरातून, आणि त्या पनीराला तो मिळतो तांदळावर वाढवलेल्या एका लाल बुरशीतून. पुष्कळ ठिकाणी आता त्याऐवजी बाटलीतला खाण्याचा रंगच वापरतात. हे सारे मिश्रण पट्ट्यांना चोळून रात्रभर व पुढचा अर्धा दिवस शीतकपाटात ठेवावयाचे, मग मंद निखाऱ्यांवर भाजावयाचे. मध मात्र अगदी शेवटच्या दहा मिनिटांत फासावयाचा, कारण आधी फासला तर साखर मांसाच्या आधी जळते.

मसाला कालवण्यासाठी तिने स्वयंपाकघरातील स्टीलचे मोठे पातेले उचलले, आणि माझ्या तोंडून शब्द निघून गेले, “ते नको. एखादे जुने घे, आणि मग ते बाहेरच ठेव.”

ती क्षणभर थांबली. “बाबा, साबणाने धुतल्यावर त्यात काय उरते?”

मजपाशी उत्तर नव्हते. तिने मुकाट्याने जुने पातेले घेतले.

दुसऱ्या दिवशी भाजून झालेल्या पट्टीचा तिने आडवा काप केला आणि मला दाखविला. काठाला तांबडी कड, आणि आत सारे फिकट. मी म्हटले, “म्हणजे एवढा खटाटोप करून मसाला आत गेलाच नाही!” तिने मधला तुकडा तोंडात टाकला आणि म्हणाली, “मीठ गेले आहे.” मग तिने समजावून सांगितले. सोया सॉसमध्ये सुमारे सहावा हिस्सा मीठ असते. मिठाचे कण इतके सूक्ष्म असतात की मांसातील पाण्यातून ते हळूहळू आतवर जातात. साखर, रंग, मसाल्यांचे सुगंध हे मात्र पृष्ठभागापासून काही मिलिमीटरांपलीकडे सहसा पोहोचत नाहीत. जे डोळ्यांना दिसते आणि नाकाला कळते ते बहुतेक सारे वरचेच. आत जाते ते मीठ, आणि मिठाला ना रंग ना वास.

त्या फिकट कापाकडे पाहताना मला 24 जून 1989 हा दिवस आठवला. तो शनिवार होता आणि सांजावचा सण होता. मी तेव्हा नोकरीत नवा होतो, आणि बार्देशातील एका ख्रिस्ती सहकाऱ्याने मला घरी जेवावयास बोलाविले होते. मेजावर सोरपोतेल आणि सान्नां होती. डुकराचे मांस शिर्का, लसूण व मसाल्यात मुरविण्याची विद्या गोव्याच्या ख्रिस्ती घरांत पोर्तुगीज काळापासून चालत आलेली आहे. पण मी ते खाणार नाही हे जाणून त्याच्या आईने माझ्यासाठी चण्याचे तोणाक केले होते, आणि ते वेगळ्या, नव्या भांड्यात केल्याचे तिने आवर्जून सांगितले. मी हात जोडून म्हणालो, “आज माझा शनिवारचा उपवास आहे.” तासाभराने बसस्थानकाजवळच्या खानावळीत मी मासळीची हुमण आणि भात जेवत असताना तो सहकारी दारात उभा राहिला. मी त्याच्या घरी विसरलेली छत्री तो द्यावयास आला होता. छत्री मेजाला टेकवून तो निघून गेला. पुढल्या वर्षी सांजावच्या आठवडाभर आधी तो माझ्यापाशी आला आणि कसलाही कडवटपणा न दाखविता त्याने विचारले, “सांग पळोवया, तुजो उपास खंयच्या दिसा नासता?” तुझा उपवास नेमका कोणत्या दिवशी नसतो! त्या प्रश्नाचेही उत्तर मी दिले नाही. थोड्याच दिवसांत माझी बदली झाली, आणि बदलीसारखा सोयीचा पडदा सरकारी नोकराला दुसरा नाही.

आता येथे विवेक केला पाहिजे. एखादा पदार्थ न खाणे हा गुन्हा नव्हे, आणि न खाण्याची कारणेही एकाच जातीची नसतात. एक कारण निव्वळ नावड. तिला नैतिक अर्थ नाही. दुसरे तत्त्व, प्राणिहत्या नको म्हणून जो मांस वर्ज्य करतो त्याच्यापुढे मी नम्र आहे, पण मासळीवर ताव मारणाऱ्या मला ते सांगण्याचा अधिकार नाही. तिसरे व्रत, ते माणसाने स्वतःवर घातलेले बंधन असते, त्याचा शेजाऱ्याशी संबंध नसतो. चौथे कारण विटाळ. पहिली तिन्ही वस्तूपाशी थांबतात. विटाळ वस्तूवरून भांड्यावर, भांड्यावरून हातावर, आणि हातावरून माणसावर जातो. म्हणून कसोटी सोपी आहे. त्या दिवशी मी सोरपोतेल नाकारले असते तर ती नावड ठरली असती. मी चणे नाकारले. ते नव्या भांड्यात शिजविलेले होते, आणि तरीही नाकारले. मग मी नेमके काय नाकारले? त्या वृद्ध मातेचा हात.

वास्तविक समतेविषयी मी तेव्हाही पुष्कळ वाचले होते, पुढे नोकरीत त्यावर भाषणेही केली, आणि ती खोटी नव्हती. जातीचा दाखला असो वा जमिनीचा उतारा, अर्जदाराचा धर्म पाहून मी कधी कागद अडविला नाही. परंतु आज असे दिसते की समता माझ्या अंगी माखलेली होती आणि विटाळ मुरलेला होता. समतेला रंग होता, सुगंध होता, ती चारचौघांत चकाकत होती. विटाळाला रंग नव्हता. तो मला लहानपणी कोणी व्याख्यान देऊन शिकविला नव्हता. आजीने एक पेला निराळा ठेवला, एवढेच मी पाहिले होते. आणि उपवासाची ती सौजन्याची थाप? ती मधासारखी गोड होती. विस्तवाशी गाठ पडताच तासाभरात जळाली.

मग पुढचा प्रश्न असा की, मुरलेले बदलता येते काय? मनुष्याचा मूळ स्वभाव आणि त्यावरील संस्कार यांवर चिनी विचारवंतांनी तेवीसशे वर्षांपूर्वी मोठा वाद घातला आहे. एकाचे म्हणणे असे की मनुष्यस्वभाव वाळुंजाच्या लाकडासारखा आहे आणि नीतिमत्ता त्यापासून घडविलेल्या पेल्यासारखी. त्यावर मेन्शियसने विचारले की, पेला घडविण्यासाठी झाडाची मोडतोड करावी लागते, तशी नीतिमान होण्यासाठी माणसाची करावयाची काय? त्याच्या मते चांगुलपणाचे अंकुर माणसात मूळचेच असतात. शुन-त्झु याने उलट बाजू घेतली. वाकडे लाकूड वाफ देऊन, दाबूनच सरळ होते, आणि सज्जनपणा हा थोड्याथोड्या प्रयत्नांचा दीर्घकाळ केलेला संचय आहे, असे तो मानी. आपल्याकडे चरकसंहितेत आहाराच्या संदर्भात ‘संस्कार’ या शब्दाची व्याख्या द्रव्यात निराळे गुण उत्पन्न करणे अशी केली आहे. स्वयंपाकाला आणि उपनयनाला आपण एकच शब्द वापरतो, तो उगाच नव्हे. माझा प्रश्न मात्र या सर्वांहून थोडा वेगळा आहे. मी कोरे लाकूड नाही, कच्चे द्रव्यही नाही. माझ्यावर एक संस्कार होऊन गेलेला आहे. त्यावर दुसरा संस्कार कसा करावा?

वर आणखी मसाला चोळून ते होत नाही, एवढे आता मला कळले आहे. त्याचे उत्तर ग्वांगदोंगमध्ये शोधावे लागले नाही. ते आमच्याच माळ्यावर होते. पावसाळ्यासाठी पुरुमेताची बेगमी करताना आम्ही सुकी, खारवलेली मासळी भरून ठेवतो. ती तशीच शिजविली तर तोंडात घालवत नाही. म्हणून ती पाण्यात भिजत घालावयाची, ते पाणी टाकावयाचे, पुन्हा नवे घ्यावयाचे. ज्या वाटेने मीठ आत गेले त्याच वाटेने ते बाहेर येते; फक्त बाहेरचे पाणी आतल्यापेक्षा कमी खारट असावे लागते, आणि ते वेळोवेळी बदलावे लागते. एकाच पाण्यात कितीही वेळ ठेवले तरी काही काळाने बाहेर आणि आत सारखेच खारट होते. शुन-त्झुचा संचय तो हाच असावा, फक्त उलट दिशेने चाललेला. ज्याच्या आयुष्यातले पाणी बदलत नाही, जो आपल्याच घरात, आपल्याच ज्ञातीत, आपल्याच पंगतीत जन्म काढतो, त्याचे मीठ कसे उतरणार? आणि सारे मीठ कधीच उतरत नाही, हेही खरे. पण खाण्याजोगी होण्याइतके उतरते.

कोणी म्हणेल, एका पातेल्यावरून एवढे? पण आयुष्यात मोठ्या प्रसंगी माणूस सावध असतो आणि आपली शिकवण आठवून वागतो. आत काय मुरले आहे ते पातेल्यापाशीच कळते. ते जुने पातेले मी दुसऱ्या दिवशी स्वतः घासले आणि बाकीच्या भांड्यांत आत नेऊन ठेवले. पहिल्यांदा त्यात काढलेली भाजी खाताना घास किंचित अडला, हे मी लपवीत नाही. आता अडत नाही. कन्येचा चार सिउ मी अजूनही खात नाही, ती माझी नावड आहे. पण तिच्या पानाशेजारी बसून, त्याच डावेने वाढलेला भात मी जेवतो.

त्या सहकाऱ्याच्या आईला जाऊन पुष्कळ वर्षे झाली. तो स्वतः निवृत्तीनंतर मुलाकडे इंग्लंडला असतो. त्याचा दूरध्वनी क्रमांक माझ्या वहीत आहे. हा निबंध लिहिणे मला त्या एका दूरध्वनीपेक्षा सोपे गेले, हे नमूद केलेच पाहिजे. चार विद्वानांची नावे घेऊन केलेली कबुली हीदेखील शेवटी वरून फासलेला मधच. त्याचा प्रश्न पस्तीसहून अधिक वर्षे उत्तराची वाट पाहत आहे, आणि उत्तर अगदी थोडक्यात देण्याजोगे आहे. माझा उपवास त्या दिवशीही नव्हता. हे छापून येण्यापूर्वी ते त्याच्या कानी घालावे, असे मी ठरविले आहे.