कोरी जागा कोणाची?

संगणकाच्या आज्ञावलीत लिहिलेल्या अक्षरांइतकेच न लिहिलेल्या जागेवरूनही तंटे होतात, ही गोष्ट साहित्याच्या अभ्यासकाला प्रथमदर्शनी गमतीची वाटण्याचा संभव आहे. ओळ समासापासून आत घेताना कळफलकावरील टॅबची कळ वापरावी की स्पेसची, जागा दोन अक्षरांची सोडावी, चारांची की आठांची, महिरपी कंस त्याच ओळीत उघडावा की पुढच्या, अशा प्रश्नांवर प्रोग्रॅमर वर्षानुवर्षे हिरिरीने वाद घालत आले आहेत. लिनक्सच्या गाभ्याच्या लेखननियमांनी टॅब आठ अक्षरांचा मानला, तर पायथन या भाषेसाठी २००१ साली सिद्ध झालेल्या लेखनसंहितेने चार स्पेसची शिफारस केली. दोन्हीकडे जाणती माणसे आहेत. तेव्हा हा प्रश्न रुचीचा समजून सोडून द्यावा, असे कोणी म्हणेल. तथापि तो निव्वळ रुचीचा आहे काय, हेच तपासून पाहिले पाहिजे.

यंत्राला या जागेचे सोयरसुतक नसते. सी या भाषेत लिहिलेली आज्ञावली कितीही सुबक मांडली, तरी कंपायलर तिच्यातील समास दुर्लक्षून पुढे जातो. १९९१ साली अवतरलेली पायथन याला अपवाद आहे, कारण तेथे ओळ किती आत आहे यावरूनच वाक्यांचे गट ठरतात. पण तेथेही अंतर सुसंगत असावे एवढेच बंधन आहे. ते नेमके किती असावे हे लिहिणाराच ठरवतो. म्हणजे ज्या अंशाने वाद उरतो, त्या अंशाने ही कोरी जागा माणसाकरिता असते. डोनल्ड नूथ यांनी १९८४ साली आज्ञावलीकडे माणसांनी वाचावयाचे वाङ्मय म्हणून पाहण्याचा आग्रह धरला, त्यामागेही हीच जाणीव होती.

लेखनाच्या इतिहासात हा प्रश्न नवा नाही. प्राचीन लॅटिन हस्तलिखितांत शब्द एकमेकांना जोडून लिहिण्याची रीत होती. सातव्या-आठव्या शतकांत आयर्लंडमधील लेखनिकांनी शब्दांमध्ये जागा सोडण्याचा प्रघात पाडला. लॅटिन ही त्यांची मातृभाषा नव्हती, आणि ज्याला भाषा परकी आहे त्याला शब्द कोठे संपतो हे दिसावे लागते. मराठीच्या मोडी लिपीतही हात न उचलता, शब्द न तोडता लिहिण्याची पद्धत होती. तिच्यात लिहिणाऱ्याचा वेग साधला आणि उलगडण्याचे कष्ट वाचणाऱ्याच्या वाट्याला आले. कोरी जागा सोडणे म्हणजे ते कष्ट लिहिणाऱ्याने अंशतः आपल्याकडे घेणे होय.

या जागेवर विसंबणारा वाचक फसूही शकतो. २०१४ साली ॲपलच्या संगणकप्रणालीत एक गंभीर दोष उघड झाला. सुरक्षित संपर्कासाठी समोरच्याची सही तपासणाऱ्या भागात एक आज्ञा चुकून लागोपाठ दोनदा लिहिली गेली होती. दोन्ही ओळी सारख्याच आत असल्यामुळे दोन्हींना वरची अट लागू आहे, असे डोळ्यांना वाटे. प्रत्यक्षात महिरपी कंस नसल्याने दुसरी ओळ विनाअट चालत असे आणि सहीची तपासणी टळत असे. यंत्राने लिहिल्याप्रमाणेच केले; समासाने मात्र माणसाला वेगळेच सांगितले. पुढे २०१६ साली जीसीसी या कंपायलरच्या सहाव्या आवृत्तीत अशा दिशाभूल करणाऱ्या समासाबद्दल इशारा देण्याची सोय आली. कोऱ्या जागेलाही खरे-खोटेपणाची कसोटी लागते, हे यावरून दिसते.

मग सर्वांनी एकच नियम पाळला की प्रश्न मिटला काय? २००९ साली गो ही भाषा आली, ती आज्ञावलीची मांडणी आपोआप एकसारखी करणारे साधन बरोबर घेऊनच. आवडीनिवडीला त्यात जवळजवळ वाव नाही. या व्यवस्थेने पुष्कळ कलह शमले, आणि आपली आवड सामाईक कामापुढे बाजूला ठेवण्यात एक प्रकारचा विनयही आहे. परंतु एकमत आणि न्याय या दोन गोष्टी एक नव्हेत. सर्वांना मान्य झालेला नियमही एखाद्याला वगळून मान्य झालेला असू शकतो.

दृष्टिहीन प्रोग्रॅमर ब्रेल पट्टीवर बोटांनी ओळ वाचतो. अनेक पट्ट्यांवर चाळीसच घरे असतात. चार-चार स्पेस देऊन ओळ तीन पायऱ्या आत गेली, तर त्यांतील बारा घरे रिकाम्या जागेतच खर्ची पडतात. टॅबची रुंदी मात्र ज्याची त्याला ठरवता येते; एका घराची ठेवली, तर तीनच घरे जातात. मंददृष्टी असलेला माणूस अक्षर खूप मोठे करून वाचतो. त्यालाही रुंदी आटोपशीर करता आली नाही, तर ओळ पडद्याबाहेर जाते. स्पेसच्या पक्षाचे म्हणणेही पोकळ नाही. लिहिणाऱ्याने जे पाहिले तेच सर्वांना दिसावे, ओळीखाली ओळ जुळवलेली रचना मोडू नये, असे ते म्हणतात. वाचनाची साधने सुधारावीत, संहिता कशाला बदलावी, असाही त्यांचा सवाल असतो. पण साधने सुधारेपर्यंत अडचण सोसतो तो वाचकच. एकाला सवय बदलावी लागते आणि दुसऱ्याला काम करणेच दुष्कर होते, तेव्हा दोघांचा त्याग समान मानता येत नाही.

गोच्या साधनाने समासासाठी टॅबच स्वीकारला आहे. त्यामुळे तेथे संहिता सर्वांची एक राहते आणि तिची रुंदी ज्याची त्याला ठेवता येते. प्रत्येक भाषेत आणि प्रत्येक जुन्या प्रकल्पात अशी सोय सहज होईल असे नाही; लाखो ओळींची मांडणी बदलणे हेही खर्चाचे काम आहे. तरीही निर्णय घेताना बहुमत कोणते, एवढाच प्रश्न विचारून भागत नाही. या संहितेपुढे बसणाऱ्यांपैकी सर्वांत कष्टाने कोण वाचतो, हे आधी विचारले पाहिजे. आयर्लंडमधील त्या लेखनिकांना हे कोणी सांगावे लागले नाही, कारण अडखळत वाचणारे ते स्वतःच होते. ज्यांना वाचन सुकर आहे, त्यांना मात्र ते मुद्दाम आठवावे लागते.