प्रयोगाचे ऋण

अशोक दा. रानडे (१९३७–२०११) यांनी भारतीय संगीताच्या आदिम, लोक, भक्ती, कला, जन आणि संगम अशा कोटी कल्पिल्या. या कोटी चढत्या पायऱ्या नव्हेत. प्रत्येकीचे प्रयोजन निराळे आहे. हे मान्य केले, की लोकसंगीत हा कलासंगीताचा ‘कच्चा माल’ उरत नाही आणि प्रयोगशीलतेचा प्रश्न नैतिक होतो.

कुमार गंधर्वांनी माळव्यातील लोकधुनांतून घडविलेल्या रागांना ‘धुन-उगम’ म्हटले. नावातच ऋणाची कबुली आहे. परंतु कबुलीने ऋण फिटते काय? यवतमाळ जिल्ह्यातही वस्ती असलेल्या गोंडांच्या परंपरेत प्रधान किंगरीच्या साथीने यजमानांच्या देवकथा व वंशकथा गातो. तेथे सूर हा नात्याचा भाग असतो. रंगमंचावर स्वरावली येते, नाते मागे राहते.

म्हणून प्रयोग निषिद्ध ठरत नाही. तसे मानणे म्हणजे परंपरा गोठविणेच होय. कुमारांचा राग धुनेची जागा घेत नाही, तिच्या शेजारी उभा राहतो. जो प्रयोग मूळ गाण्याला स्वतःची अपूर्ण पूर्वावस्था ठरवितो, तो मात्र कोटींना पुन्हा पायऱ्या बनवितो. ऋण नाकारले जाते ते तेथे. मग श्रेयनामावलीत उल्लेख असो वा नसो.