काम पक्कं, माणूस कच्चा



आपला एखादा क्लार्क हेडक्लार्क होतो. वस्तीत पेढे वाटले जातात. पण ऑर्डरीच्या तळाला एक ओळ असते, ती कुणी वाचत नाही. ही पदोन्नती निव्वळ तात्पुरती, तिच्यावर कसलाही हक्क सांगता येणार नाही, कधीही मूळ पदावर पाठवलं जाईल, अशा अर्थाची. मला त्या ओळीबद्दल बोलायचंय. प्रश्न कायद्याचा आहेच, पण त्याच्याआधी तो नीतीचा आहे. माणसाकडून काम सगळं घ्यायचं आणि त्या कामावरचा हक्क मात्र लटकता ठेवायचा, हे कोणत्या न्यायात बसतं?

मी गिरणीत राबणारा माणूस. 'बदली' म्हणजे काय ते आम्हाला पुस्तकातून शिकावं लागत नाही. बदलीवाला पक्क्याच्या जागी उभा राहतो. तुटलेला धागा त्यालाही तेवढ्याच चपळाईनं जोडावा लागतो. सूत दोघांचं सारखंच निघतं. फरक फक्त हजेरीच्या कागदावर. त्या कागदामुळे बदलीवाल्याचं तोंड बंद राहतं. कचेरीतला तात्पुरता साहेब हा असाच बदलीवाला, फक्त इस्त्रीच्या शर्टातला.

सरकारची बाजूही ऐकू. कुणी लांब रजेवर गेला, निवडसूची तयार नाही, कोर्टात खटला पडलाय. म्हणून टेबल रिकामं ठेवायचं? लोकांची कामं अडतील. हे खरं आहे. शिवाय तात्पुरता बसवलेला प्रत्येक जण आपोआप पक्का झाला, तर वशिल्याचे लोक मागच्या दारानं पुढं जातील, आणि रांगेत उभा असलेला आपला माणूस रांगेतच राहील. म्हणून तात्पुरती पदोन्नती म्हणजे पापच, असं मी म्हणत नाही.

माझी कसोटी साधी आहे. तात्पुरतं काय आहे, गरज की माणूस? गरज चार महिन्यांची असेल तर पदही चार महिन्यांचं असू दे, कुणाची तक्रार नाही. पण गरज कायमची आणि माणूस तेवढा तात्पुरता, ही सरळ लबाडी आहे.

कोर्टानंही हा गुंता सोडवायचा प्रयत्न केलाय. रेल्वेतले पुरुषोत्तम लाल धिंग्रा 1924 मध्ये सिग्नलर म्हणून लागले, चढत चढत दुसऱ्या वर्गाच्या पदावर स्थानापन्न झाले आणि 1953 मध्ये खाली उतरवले गेले. 1957 मध्ये सुप्रीम कोर्ट म्हणालं, स्थानापन्न माणसाला त्या पदावर हक्क नाही. धिंग्रा हरले. पण त्याच निकालात असंही आहे की खाली उतरवणं ही शिक्षा असेल, तर घटनेचं कलम 311 आडवं येतं. मग आरोप सांगावा लागतो, बाजू ऐकावी लागते. 1990 मध्ये महाराष्ट्रातल्याच इंजिनियरांच्या खटल्यात घटनापीठानं सांगितलं, नियम सोडून केलेली वेळ मारून नेण्यापुरती नेमणूक ज्येष्ठतेत धरायची नाही. पण पुढे नियमानं कायम होईपर्यंत माणूस खंड न पडता त्या पदावर राबला असेल, तर तो काळ धरायचा. म्हणजे राबण्यातून हक्क उगवतो, एवढं तरी कबूल झालं.

आपल्याला हे नवीन नाही. महारकी आठवा. काम सरकारचं, चोवीस तासांचं, पिढ्यान्‌पिढ्या कायम. दाम मात्र गावाच्या मर्जीवर. बाबासाहेबांनी 1928 मध्ये मुंबई कायदेमंडळात वतनाचं बिल मांडलं ते यासाठीच. काम ठरलेलं असेल तर मोबदलाही ठरलेला पाहिजे, मेहेरबानीचा नको.

आणि आता बघा. 77 व्या दुरुस्तीनं 1995 मध्ये घटनेत 16(4अ) आलं, पदोन्नतीत आरक्षण देता येईल असं लिहिलं गेलं. 4 ऑगस्ट 2017 ला मुंबई हायकोर्टानं त्याबद्दलचा राज्याचा 2004 चा शासन निर्णय रद्द केला. सरकार सुप्रीम कोर्टात गेलं. मग 7 मे 2021 चा शासन निर्णय आला. पदोन्नतीची रिकामी पदं आरक्षण बाजूला ठेवून सेवाज्येष्ठतेनं भरा, पण तात्पुरती, निकालाच्या अधीन राहून. ज्यांना मिळालं ते तात्पुरते. ज्यांचं हुकलं त्यांचं मात्र कायमचंच हुकलं. खटला थांबतो, वय थांबत नाही. 58 भरली की माणूस आहे त्या पदावरून घरी.

पण सगळ्यात मोठं नुकसान पगाराचं नाही, जिभेचं आहे. अत्याचाराची फाईल, शिष्यवृत्तीची फाईल त्याच टेबलावर येते. शेरा खरा लिहिला तर उद्या मूळ पद. आपण बाहेरून शिव्या घालतो, साहेब झाला, समाजाला विसरला. काही विसरतातही. त्यांना मी माफ करत नाही. भीती खरी असली म्हणून गप्प बसणं बरोबर ठरत नाही. पण ज्याच्या खुर्चीचे पाय दुसऱ्याच्या हातात आहेत, त्याच्याकडून फक्त धैर्य मागणं हेही अर्धंच काम आहे. आपली माणसं आत गेली ती बोलण्यासाठी. मग त्यांना बोलता येईल एवढी पक्की जमीन त्यांच्या पायाखाली आणणं, हे आपलं चळवळीचं काम आहे.

तेव्हा ऑर्डर वाचायला शिका. पद कशामुळे रिकामं, किती दिवसांसाठी, पगार कोणत्या पदाचा, हे लेखी विचारा. बिंदुनामावली मागा, माहितीचा अधिकार 2005 पासून हातात आहे. माणूस खाली उतरवला गेल्यावर मोर्चा काढू नका, तो वर बसलेला असतानाच विचारा: गरज संपली का? संपली नसेल तर माणूस पक्का करा.

जयभीम.