क्षणिक भेटीचे कर्तव्य

नोकरीनिमित्त दिल्लीत राहणाऱ्या माणसाला दिवसाकाठी शेकडो माणसे भेटतात. केंद्रीय सचिवालयाच्या मेट्रो स्थानकात पिवळी आणि जांभळी मार्गिका एकत्र येतात. तेथील गर्दीत खांद्याला खांदा लागतो, क्षणभर दृष्टादृष्ट होते आणि ज्याचा तो आपल्या वाटेने जातो. एवढ्या अल्प सहवासातून काही कर्तव्य उत्पन्न होते काय?

आपले बहुतेक नीतिनियम नात्यांवर उभे आहेत. पिता, गुरू, शेजारी यांच्याशी कसे वागावे हे परंपरेने सांगून ठेवले आहे. अतिथीचाही मान आहे. पण अतिथी आपल्या दारी येतो. वाटेवरचा अनोळखी मनुष्य कोणाच्याच दारी आलेला नसतो.

जर्मन समाजशास्त्रज्ञ गेओर्ग झिमेल याने १९०३ साली महानगरी मनावर एक निबंध लिहिला. नगरवासीयाची अलिप्तता हे त्याच्या मते स्वसंरक्षण आहे. भेटेल त्याला अंतःकरणपूर्वक प्रतिसाद देऊ लागल्यास मनाचा ठावच सुटेल. हे मान्य केले पाहिजे. किंबहुना अलिप्ततेत सौजन्यही असते. गर्दीत कोणी डोळे पुसत असेल तर नजर वळविणे ही दयाच होय.

पण रस्त्यात जखमी पडलेल्या माणसावरून वळविलेली नजरही तशीच दिसते. कृती एक, नैतिक मोल मात्र सर्वस्वी भिन्न! पुष्कळदा पाऊल अडते ते चौकशीच्या धास्तीने. सर्वोच्च न्यायालयाने २०१६ साली अपघातग्रस्तांना साहाय्य करणाऱ्यांच्या संरक्षणाच्या मार्गदर्शक सूचनांना कायद्याचे बळ दिले. २०१९ साली मोटार वाहन कायद्यात तसे कलमही आले. परंतु कायदा भय दूर करील. वाकून हात देण्याची बुद्धी तो कोठून देणार?

सागरात दोन ओंडके एकत्र येतात आणि दुरावतात, हा दृष्टान्त रामायणात श्रीराम भरताला देतात. तो आहे पत्नी, पुत्र व आप्त यांच्याविषयी. आप्तांचा सहवासही अखेर तात्पुरताच, आणि तरीही तो आपल्याला बांधतो. मग भेट अल्पकाळाची होती, एवढ्यावरून अनोळखी माणसाबद्दलचे कर्तव्य टळत नाही. कर्तव्याचे माप सहवासाच्या लांबीवर नसून समोरच्याच्या निकडीवर आहे. निकड नसेल तेथे त्याला त्याच्या एकांतात राहू द्यावे. असेल तेथे थांबावे. कचेरीला उशीर झाला तरी!