रविवारी विचारलं होतं

मुलुंड पूर्वेच्या त्या घरात रविवारी कांदेपोहे झाले आणि मंगळवारी मुलाकडचा होकार आला. मुलगा ठाण्याचा, नोकरी चांगली, पत्रिका जुळलेली. बाबा लगेच हॉल बघायला लागले. मुलगी काहीच बोलली नाही.

तिचं अंधेरीच्या ऑफिसातल्या एका मुलावर प्रेम होतं. तो बोरिवलीचा, जात वेगळी. संध्याकाळी तिच्यासोबत मेट्रोने घाटकोपरपर्यंत यायचा आणि तिला लोकलमध्ये बसवून तसाच उलटा अंधेरीला जायचा. "घरी कधी सांगणार?" तो विचारायचा, तेव्हाही ती गप्पच. कोणाला दुखवायचं नाही म्हणून ती गप्प राहायची आणि तिकडे ठाण्याचा मुलगा संसाराची स्वप्नं बघू लागला होता. त्याचा बिचाऱ्याचा काय दोष?

आजीने गवार मोडता मोडता विचारलं, "जेवण जात नाही तुला. मुलगा आवडला नाही का?" मुलीने रडत सगळं सांगून टाकलं.

"आमच्या शाळेत मी मुलींना रखमाबाई शिकवायचे," आजी म्हणाली. "अकराव्या वर्षी लग्न लावलं. नवऱ्याने १८८४ साली मुंबई हायकोर्टात दावा लावला, बायकोने नांदायला यावं म्हणून. १८८७ साली हुकूम झाला, नवऱ्याकडे जा, नाहीतर सहा महिने तुरुंग. बाई म्हणाल्या, तुरुंगात जाईन. पुढे तडजोड झाली आणि त्या लंडनला शिकून डॉक्टर झाल्या."

"माझ्यात तेवढी हिंमत नाही गं, आजी."

"तुला कुठे तुरुंगात जायचंय? बाबांसमोर तर बसायचंय. त्या बाईंना लग्नाआधी कोणी विचारलं नव्हतं. तुला विचारलं होतं, रविवारी, माझ्यादेखत. तू ओढणीचं टोक पिळत बसलीस. गप्प बसलं की घरात होकारच धरतात, बाळा."

त्या रात्री मुलीने आधी ठाण्याच्या मुलाला फोन केला, खरं ते सांगितलं आणि माफी मागितली. हे तिने आधी केलं, ते मला फार महत्त्वाचं वाटतं. मग ती बाबांसमोर बसली.

"मला हे पटणार नाही," बाबा म्हणाले.

"नाही पटलं तर तसं सांगा, बाबा. आम्ही रजिस्टर लग्नाची ३० दिवसांची नोटीस देणार आहोत. पण ते तुम्हाला दुसऱ्या कोणाच्या तोंडून कळायला नको होतं."

बाबा बराच वेळ येरझाऱ्या घालत राहिले. मग फोन उचलून त्यांनी हॉलवाल्याला सांगितलं, तारीख सोडून द्या.