नोहाचा पाराशा आणि समुद्रातले दगड



सिमहाथ तोरा झाला की दुसऱ्या शब्बाथला नोहाचा पाराशा येतो. यंदा तो ऐकून सिनेगॉगमधून परतताना आमच्या नातवाने विचारले, "आजोबा, बुडालेली गावे अजून समुद्रात आहेत का?" त्याच्या डोक्यात अटलांटिस. ते प्लेटोने सांगितले, सापडले कोणालाच नाही; म्हणून आम्ही त्याला या देशातली खरी हकिगत सांगितली.

हिमयुगात समुद्र आजच्याहून सुमारे १३० मीटर खाली होता. बर्फ वितळले आणि या खंडाची सुमारे २० लाख चौरस किलोमीटर जमीन पाण्याखाली गेली. पश्चिम ऑस्ट्रेलियात मुरुजुगाच्या किनाऱ्यालगत संशोधकांनी, तेथील मूळ रहिवाशांच्या संस्थेला बरोबर घेऊन, बुड्या मारल्या. एका ठिकाणी २६९ दगडी हत्यारे मिळाली. दुसरीकडे १४ मीटर खोल, गोड्या पाण्याच्या झऱ्यापाशी, आणखी एक. २०२० साली हे प्रसिद्ध झाले. वय निदान ७,००० ते ८,५०० वर्षे सांगितले गेले. २०२२ मध्ये काही विद्वानांनी हरकत घेतली, की हे दगड पाण्याने वाहून आले नसतील कशावरून? सोन्याची शहरे मात्र नाहीत. घडवलेले दगड आणि पिण्याचे पाणी, एवढेच.

"मग आपले जहाज कोणी शोधले?"

नवगावची गोष्ट तुम्हां सर्वांस ठाऊक आहे. गलबत फुटले, सात जोडपी वाचली, पोथ्या बुडाल्या. त्या गलबताची एक फळीही कोणी दाखवू शकत नाही. सालाविषयीही एकमत नाही. वर्गात आम्ही आयुष्यभर मुलांकडे पुरावा मागितला, आणि घरचा पुरावा मागितल्यावर गप्प बसलो.

मेलबर्नजवळचा उपसागर एके काळी कोरडी जमीन होता, तेथे वाडवडील कांगारूंची शिकार करीत, असे तेथील बूनवुरुंग लोक सांगत आले. त्यांच्यापाशी पोथी नव्हती. भूगर्भशास्त्रज्ञही आज तो कोरडा होता असेच म्हणतात. आपल्या पूर्वजांपाशी ओठांवरचा शेमा उरला, शनिवारी बंद राहणारा घाणा उरला, बिनखवल्यांची मासळी वर्ज्य राहिली. दावीद रहाबींनी आपल्याला ओळखले असे सांगतात, ते असल्याच खुणांवरून.

नातवाला मराठी येत नाही, शेमा येतो. तो आजीकडून शिकला. आजी कोणाकडून? तिच्या आजीकडून, पेणला. असे मागे मागे जात चार नावे झाली. पाचवे आम्हांला आठवेना. शब्बाथ उतरल्यावर दिमोनाला मावशीकडे फोन लावला. तिने उद्यापर्यंत सांगते म्हटले आहे.