शिंपीत भासलेले रुपे

वाळूत चकाकणारी शिंप पाहून ज्याला ती रुपे वाटते, त्याचे ते ज्ञान, ते टिकून असेपर्यंत, खऱ्या रुप्याच्या ज्ञानाहून तिळमात्रही निराळे नसते. आपल्या दर्शनकारांनी भ्रमाची मीमांसा करताना हा दृष्टान्त शतकानुशतके घोळवला. नैयायिकांनी अन्यथाख्यातीने, प्राभाकरांनी अख्यातीने, अद्वैत्यांनी अनिर्वचनीयख्यातीने त्याची उपपत्ती लावली. पुष्कळांना हा सारा खटाटोप निष्फळ वाटतो. मला मात्र त्यात मनुष्याच्या चुकण्याविषयीची अतिशय गंभीर आस्था दिसते.

कुमारिलभट्टांचे म्हणणे असे की, ज्ञानाचे प्रामाण्य स्वतःसिद्ध असते, अप्रामाण्य मात्र परतः कळते. म्हणजे आपण चुकत आहो हे चुकण्याच्या क्षणी आतून कधीच उमगत नाही. वेदांचे प्रामाण्य प्रस्थापित करण्यासाठी त्यांनी हा सिद्धान्त मांडला हे खरे, पण त्याची व्याप्ती त्या हेतूपुरती राहत नाही. अप्रामाण्य कळण्याच्या दोन वाटा ते सांगतात: एक, 'हे रुपे नव्हे' असे मागाहून होणारे बाधकज्ञान, आणि दुसरी, ज्या साधनाने ते ज्ञान झाले त्यातील दोषाचे, म्हणजे कारणदोषाचे, ज्ञान. पहिले ज्ञान जग आपल्यावर लादतेच. दुसरे शोधावे लागते, आणि चुकीपासून शिकणे म्हणून जे काही आहे ते, माझ्या मते, या दुसऱ्या शोधातच आहे. नुसता पश्चात्ताप कितीही तीव्र असला तरी त्याची जागा घेऊ शकत नाही.

१९१९ च्या एप्रिलमध्ये गांधीजींच्या बाबतीत घडले ते या दृष्टीने पाहण्यासारखे आहे. रौलट कायद्याविरुद्ध ६ एप्रिलला देशभर हरताळ पडला. पंजाबकडे निघालेल्या गांधीजींना वाटेत अटक करून सरकारने मुंबईस परत आणले. आणि त्या अटकेच्या वार्तेने अहमदाबादेत व वीरमगाम येथे जाळपोळ झाली, माणसे मारली गेली. बाधकज्ञान झाले ते असे, रक्ताने. प्रायश्चित्त म्हणून त्यांनी तीन दिवसांचा उपवास केला, आणि धर्मशास्त्राच्या रूढ कल्पनेप्रमाणे प्रकरण तेथे निकालात निघाले असते. परंतु नडियादला गेल्यावर, आदल्याच वर्षी जेथे त्यांनी शेतसाऱ्याचा लढा चालविला होता त्या खेडा जिल्ह्यातील माणसांच्या धरपकडीचे वृत्त ऐकल्यावर, दोष नेमका कोठे होता हे त्यांना दिसले, व भर सभेत त्यांनी आपली चूक हिमालयाएवढी असल्याचे कबूल केले. जो मनुष्य कायदे शिक्षेच्या धास्तीने नव्हे तर स्वेच्छेने, आदरपूर्वक पाळतो, त्यालाच एखादा अन्याय्य कायदा सविनय मोडण्याचा अधिकार पोचतो. तो अधिकार अंगी येण्यापूर्वीच आपण लोकांना कायदेभंगास पाचारण केले, हा त्यांनी सांगितलेला कारणदोष. या कबुलीबद्दल त्यांची पुष्कळ थट्टा झाली. तिचा पश्चात्ताप मात्र त्यांना कधी झाला नाही.

चुका माणसाला घडवितात असे आपण सहज बोलून जातो, तेव्हा त्या चुकांची किंमत कोणी मोजली याचा हिशेब कोणी मागत नाही. अहमदाबादेत मेले ते दुसरेच होते. म्हणूनच अशा ठिकाणी कारणदोष शोधणे ही आत्मोन्नतीची बाब राहत नाही, ते मृतांचे देणे ठरते. आणि कबुली मोघम असली तर ते देणे फिटण्यास प्रारंभसुद्धा होत नाही.

गांधीजींनी सामुदायिक कायदेभंग तहकूब केला आणि लोकांना सत्याग्रहाचे मर्म समजावून देण्यासाठी स्वयंसेवकांचे पथक उभारण्यास घेतले. पण त्या कंटाळवाण्या शिक्षणात रस असणारे थोडेच निघाले व दिवसेंदिवस नव्यांची संख्या घटतच गेली. पुढे १९२२ मध्ये चौरीचौऱ्याला जमावाने पोलीस चौकी जाळली, बावीस पोलीस मारले गेले, तेव्हा बार्डोलीत योजलेला कायदेभंग सुरू होण्यापूर्वीच त्यांनी तो थांबविला. तुरुंगात असलेल्या कित्येक सहकाऱ्यांना तीच मोठी चूक वाटली, आणि त्यांचा आक्षेप हलका नव्हता: दूरच्या एका गावातील अत्याचारासाठी साऱ्या देशाचा लढा मागे घ्यावा काय, या त्यांच्या सवालाचा इन्साफ इतिहासकारांमध्ये अद्याप एकमताने झालेला नाही.